नंबर नसलेली विहीर

आमच्या तालुक्याचा एक जुना नकाशा आहे. कापडावर चिकटवलेला, कडा उंदरांनी खाल्लेल्या. त्यात एका उजाड माळावर शाईचा ठिपका आहे, विहिरीला देतात तसा, पण त्याच्याशेजारी नंबर नाही. नकाशा उन्हात धरला तर त्या ठिपक्याभोवती वाटीच्या काठाएवढा गोल दिसतो. तिथे कागद खरवडलेला आहे. निजामाचा अंमल होता तेव्हा मी तालुका कचेरीत मुन्शी होतो, आणि हा नकाशा मी उतरवला. ठिपका माझा, गोल रेघ माझी आणि चाकूने ती खरवडली तीही मीच. माझ्यामागून त्या जागेवर जे जे बसले, त्या प्रत्येकाने हे काय म्हणून विचारलं आणि प्रत्येकाला मी निराळी थाप मारली. आता कुणाला कोणती मारली ते आठवत नाही. म्हातारपणी थापा पेलत नाहीत, म्हणून खरं सांगून टाकतो.

ती रेघ ज्याच्यासाठी काढली त्याला नकाशा वाचता येत नव्हता. त्याला सगळे उस्ताद म्हणत, मीही तेच म्हणतो. विहिरी खोदणं हा त्यांचा धंदा. हाताखाली दहा-बारा माणसांची टोळी. केजपासून थेट मोमिनाबादपर्यंत, म्हणजे आताच्या अंबाजोगाईपर्यंत, निम्म्या विहिरी त्यांच्या हातच्या. अंगाने वाळलेले, एक खांदा खाली उतरलेला, आणि कमरेला कायम एक लहानशी हातोडी. बैलगाडीच्या चाकाला जी लोखंडी धाव असते, तसल्या जुन्या धावेची होती ती. मशिदीत जाताना तेवढी पायरीवर काढून ठेवायचे.

दगड दिसला की उस्ताद तो तीनदा वाजवायचे. कान लावून ऐकायचे. मग जिभेचं टोक लावायचे आणि डोळे मिटून घ्यायचे. हे विहिरीतच करतील असं नाही. एकदा एका पाटलाकडे लग्नाला गेले, तिथे हळदीचा पाटा समोर दिसला. झालं. तीनदा वाजवला आणि भर मांडवात म्हणाले, "आतून चिरलाय. वरीसभरात दोन तुकडे हुत्याल." नवरीची आई रडायला लागली. पाटा फुटला की नाही मला ठाऊक नाही, पण त्या घरून उस्तादांना पुन्हा आमंत्रण गेलं नाही.

दुसरी खोड अशी की विहिरीच्या काठावर उभं राहून ते तोंडातून अक्षर काढायचे नाहीत. मोठमोठे जमीनदार घोड्यावरून यायचे, वाकून बघायचे आणि विचारायचे, "काय उस्ताद, पाणी कवा लागंल?" उस्ताद नुसते दोराकडे बोट दाखवायचे. म्हणजे खाली उतरा, मग बोलू. एका जहागीरदाराला त्यांनी असं खरोखर उतरवलं. तो वर आला तो चिखलाने माखलेला आणि संतापलेला. माणसं हसायची. मीही हसलो. काठावरून न बोलण्याचं कारण मला फार उशिरा कळलं, आणि कळलं तेव्हा त्या हसण्याची लाज वाटली.

एका शुक्रवारी दुपारी नमाज आटोपून ते माझ्यापुढे येऊन उभे राहिले. म्हणाले, "मुन्शीजी, आपल्या कागदावर गावं दिसत्यात म्हणं. दावता का?"

मी म्हणालो, "तुम्हाला कशाला हवीत गावं? तुम्ही जमिनीच्या खालचे."

"खालचंच इचारायचं हाय," ते म्हणाले आणि उपरण्याची गाठ सोडून सात दगड टेबलावर मांडले. सात गावांच्या सात विहिरींमधले. मला सगळे सारखेच दिसले. मग त्यांनी समजावलं, आणि तेही असं, की जणू मी एखादं मंद पोर आहे.

आपल्याकडची जमीन भाकरीच्या चळतीसारखी असते. वर काळी माती, खाली मुरूम, त्याखाली काळा पाषाण. पाषाणात मध्येच गेरूचा तांबडा पट्टा येतो, हातभर जाडीचा, अगदी आडवा. त्याखाली पुन्हा पाषाण. पन्नास विहिरी खोदा, हाच क्रम. पण ह्या सात गावांत तांबडा पट्टा आडवा नव्हता. कुठे तिरका, कुठे भिंतीसारखा उभा, आणि दोन ठिकाणी तर चळतच उलटी. खालचा थर वर, वरचा खाली.

"जिमीन अशी कावून उलटंल?" त्यांनी विचारलं. "तुमी शिकलेले. सांगा."

मला काय ठाऊक? मी नकाशावर सात ठिकाणी पेन्सिलीने ठिपके दिले. उस्ताद बघत राहिले. मग म्हणाले, "ह्यांच्यावरनं रेघ फिरवा." मी फिरवली, आणि चरकलो. एकही ठिपका आत-बाहेर नव्हता. बांगडी ठेवून आखावी तशी रेघ फिरून जिथून निघाली तिथेच येऊन मिळाली. उस्तादांनी मग बोट त्या गोलाच्या आत, जरा एका बाजूला ठेवलं. तिथे नुसता माळ होता. म्हणाले, "हितं बी एक ठिपका द्या. आठवी हीर."

"तिथे विहीर कुठं आहे? आमच्या कागदात नाही."

"बुजली," एवढंच म्हणाले. मी ठिपका दिला.

त्यानंतर ते दर शुक्रवारी यायचे, कधी नवा दगड घेऊन, कधी नुसते त्या रेघेकडे बघायला. मला त्यांचा कंटाळा येई आणि आले नाहीत तर चुकल्यासारखं होई. एकदा त्यांनी मला घरी जेवायला नेलं. त्या काळात मी त्या घरी जेवलो हे आईला कळलं असतं तर अंघोळ केल्याशिवाय मला घरात घेतलं नसतं. घर दोन खणांचं, पण भिंतीत कोनाडेच कोनाडे. दिव्यालासुद्धा जागा नव्हती. प्रत्येक कोनाड्यात चिंधीत बांधलेले दगड, एकेका गावाचा एकेक कोनाडा. मधल्या दारावर गोणपाटाचा पडदा. पडद्याखालून एक हात आला, ज्वारीची भाकरी आणि वरणाची ताटली पुढे सरकवली आणि परत गेला. उस्ताद खिशातला एक नवा दगड काढून पडद्याच्या खाली ठेवत म्हणाले, "दुल्हन, हे बी बघा. ह्येच्यात बी उलटा हाय." धाकट्या भावाच्या बायकोला त्यांच्यात दुल्हन म्हणतात. दगड तिथेच राहिला.

परतताना मी विचारलं, "त्या बोलत नाहीत का?"

"न्हाई," उस्ताद म्हणाले. "वीस वरसं झाली. भाकर येती, बोल येत न्हाई. मी दगड ठिवतो, सकाळी त्यो कोनाड्यात असतो."

रस्त्याच्या कडेला बसून त्यांनी मग मला ती आठवी विहीर सांगितली.

त्या माळावर एक वाडी आहे. बायाबापड्या दीड कोसावरून पाणी आणायच्या. वीस वर्षांपूर्वी त्या वाडीने उस्तादांना विहीर खोदायला बोलावलं. तेव्हा उस्ताद तिशीतले, हाताखाली धाकटा भाऊ. विहीर खोदायची रीत अशी असते, की वरची माती आणि मुरूम ढासळू नये म्हणून खोदत जाल तसतशी आतून दगडाची बांधणी करत उतरायचं. काळा पाषाण लागला की बांधणी थांबवायची. पाषाण आपल्या पायावर उभा असतो, त्याला टेकू लागत नाही. आमच्या मुलखात ही रीत बापाकडून मुलाकडे आलेली, आणि ती कधी खोटी पडली नव्हती. त्या विहिरीतही सहा पुरुष, म्हणजे सहा माणसं एकावर एक उभी राहतील एवढ्या खोलीवर काळा पाषाण लागला. बांधणी थांबली. तिसऱ्या दिवशी तो पाषाणच सरकला. ज्याला ते जमिनीचं हाड समजले तो नुसता सुटा धोंडा होता, घराएवढा, आणि त्याच्या मागे-खाली सगळा फुटका चुरा. विहीर क्षणात भरली. भाऊ खाली होता. चार दिवस उकरलं, जेवढं उकरत तेवढं वरून ढासळत होतं. शेवटी काठावरच जनाज्याची नमाज पढले. भाऊ तिथेच आहे.

"मुन्शीजी," उस्ताद म्हणाले, "मला एकच समजून घ्यायचंय. दगडानं मला फशिवलं, का मी चुकलो?"

मला तेव्हा कळलं की कोनाड्यातले ते सगळे दगड म्हणजे ह्या माणसाचे साक्षीदार होते. खटला एकच, आणि न्याय देणारी पडद्यामागे गप्प बसलेली.

जमीन उलटण्याचं कारण त्यांना कचेरीच्या अंगणात सापडलं, माझ्या सदऱ्याची नासाडी करून. एके दिवशी ते एक मोठी परात घेऊन आले. तिच्यात ओल्या चिखलाचे थर नीट लिंपलेले, खाली काळी माती, मध्ये गेरू, वर चुना. मला म्हणाले, कचेरीच्या छपरावर, माळवदावर चढा आणि हा धोंडा परातीत टाका. "उस्ताद, लोक काय म्हणतील?" असं मी म्हटलं खरं, पण चढलो. धोंडा टाकला. सगळं अंगण रंगलं, पहाऱ्यावरच्या शिपायाची दाढी पांढरी झाली, आणि बघायला खाली धावलो तर माझाही सदरा गेला. उस्ताद मात्र परातीपाशी गुडघ्यावर बसले होते. मध्ये खळगा पडला होता, आणि खळग्याच्या काठावर चिखल बाहेरच्या बाजूला उलटून पडला होता. चुन्याच्या वर गेरू, गेरूच्या वर काळी माती. चळत उलटी. चहूबाजूंनी, गोल.

त्यांनी वर आभाळाकडे पाहिलं. आपल्याकडे तारा तुटताना सगळ्यांनी पाहिलेला असतो. "तसलंच काईतरी," ते हळू आवाजात म्हणाले. "पण लई मोठं. डोंगराएवढं. मानूस जलमाला यायच्या आदी. पडलं, समदं फुटलं, उलटं झालं, मग गाळानं भरून सपाट झालं. वरनं आता काईच दिसत न्हाई." आणि मग माझा हात धरून म्हणाले, "म्हंजी मी न्हाई चुकलो. जिमीनच आदी फुटली हुती." मलाही बरं वाटलं. त्याच दुपारी मी नकाशावरची पेन्सिलीची रेघ आणि आठही ठिपके शाईने पक्के केले. हुकूम नव्हता. तरी केले.

त्या संध्याकाळी त्यांनी परातीतला चिखल तसाच घरी नेऊन पडद्याखाली ठेवला. सकाळी परात घासून पालथी घातलेली होती.

पुढल्या उन्हाळ्यात त्या वाडीची माणसं पुन्हा आली. वीस वर्षं बाया अजून दीड कोस चालतच होत्या. दुसरा कुणी त्या माळावर पहार मारायला तयार नव्हता. उस्ताद म्हणाले, "खोदतो. पर बांधनी तळापातूर करनार. पाषाण लागू द्या, न्हाईतर लोखंड लागू द्या." जुन्या विहिरीपासून दोनशे पावलांवर काम सुरू झालं. नव्या विहिरीला सरकारी नंबर द्यायचा म्हणून जागा टिपायला मी गेलो होतो. ते काम तासाभराचं होतं. मी चार दिवस राहिलो.

चौथ्या दिवशी खालून टोळीतल्या जुन्या गड्याने हाळी दिली, "पाषाण लागला." काठावर उभे असलेले वाडीतले लोक खूश झाले. कुणीतरी म्हणालं, चला, आता बांधणीचा खोळंबा संपला. उस्ताद काही न बोलता दोराने खाली उतरले, आणि थोड्या वेळाने दोर हलवून त्यांनी मला बोलावलं.

मी कागदावरचा माणूस. देवाचं नाव घेत उतरलो. खाली कोंदट गारवा होता. भिंतीत गुळात शेंगदाणे रुतावेत तसे काळे तुकडे रुतलेले, आणि गेरूचा पट्टा सरळ उभा. पायाखाली मात्र काळाभोर, गुळगुळीत पाषाण. मी शपथेवर सांगितलं असतं की हे जमिनीचं हाड आहे.

उस्तादांनी वाजवलं. ठप. पुन्हा वाजवलं. ठप. मग त्यांनी हातोडी माझ्या हातात दिली. मी वाजवलं. चांगला पाषाण मी त्यांच्याबरोबर हिंडून ऐकला होता, तो खणखणतो. हा रिकाम्या रांजणासारखा बोलत होता.

"ऐकू आलं?" त्यांनी विचारलं.

"आलं. खाली पोकळ आहे. सुटा धोंडा आहे हा."

"तुमाला बी कळलं?"

"उस्ताद, हे कुणालाही कळेल."

मी हे सहज बोललो. बोलू नये ते बोललो, पण मला काय ठाऊक? उस्ताद त्या धोंड्यावर बसले. मग म्हणाले, "हातोडी मी भावाच्या माघारी बांधली, मुन्शीजी. आदी न्हवती." एवढं बोलून त्यांनी तिथे खालीच गड्यांना बांधणी चालू ठेवायला सांगितलं, वर चढले आणि मला गाडीत घालून थेट घरी आले.

दिवस मावळायचा होता. उस्ताद पडद्यासमोर जमिनीवर बसले. खिशात हात घातला नाही. मी उठून जाऊ लागलो, तर माझं मनगट धरून बसवलं. त्यांना साक्षीला माणूस हवा होता.

"दुल्हन," ते म्हणाले, "आज दगड आनला न्हाई. वीस वरसं जे सांगितलं न्हाई ते सांगतो. त्या दिशी मी वर काठावर हुतो. मला घाई हुती, दुसऱ्या गावचं काम धरलं हुतं. खालनं त्यानं इचारलं, भाई, वाजवून बघू का? मी वरनंच बोललो, काय वाजवतोस, पाषाण हाय त्यो, दिसतंय मला. बांधनी बंद कर. त्यानं बंद केली. आभाळातनं काय पडलं असंल ते असंल. पर त्यो इचारत हुता आनि मी वरनं न्हाई म्हनलो."

रस्त्यावरून गुरं परतत होती, त्यांच्या घंटा येऊन गेल्या. आणि मग त्या घरात मी पहिल्यांदा तिचा आवाज ऐकला. बारीक, खरखरीत, वापर नसलेला.

"भाईजान, उनों पूछे बिगर कुच करते नै थे," ती म्हणाली. "मेरे कू पैलेच दिन से मालूम था."

तिचा नवरा विचारल्याशिवाय काही करत नसे. म्हणजे त्या दिवशीही त्याने विचारलं असणार, हे तिला पहिल्या दिवसापासून ठाऊक होतं. वीस वर्षं ती भाकरी थापत होती आणि एवढं एक वाक्य ऐकायची वाट बघत होती. आणि हा माणूस तिला दगड दाखवत होता. उस्ताद लहान मुलासारखे रडले. मीही रडलो, त्यात लपवण्यासारखं काय आहे?

ताटल्या आल्या. त्या दिवशी पडद्याआडून तिने विचारलं, "मुन्शीजी कू और एक रोटी देऊं क्या?"

दुसऱ्या दिवशी त्यांनी सगळे कोनाडे रिकामे केले. दगड गोणीत भरले, माळावर नेले आणि नव्या विहिरीच्या बांधणीमागे ठासून भरले. विहिरीला पाणी लागलं. जरा मचूळ आहे, पण वाडी तेच पिते. ते पाणी लागलं तेव्हा दुल्हन बैलगाडीतून आली होती. नव्या विहिरीकडे तिने पाहिलंही नाही. जुन्या जागेपाशी बसून राहिली, आणि उस्ताद तिच्या मागे, लांब, उभे राहिले.

पुढच्या शुक्रवारी ते माझ्याकडे आले. म्हणाले, "ती रेघ काढून टाका."

मी चिडलो. "का म्हणून? रेघ खरी आहे. उद्या कुणी तिथे खोदायला गेला तर ती बघून जपून खोदेल."

"त्येला रेघ नको, हातोडी पायजे," ते म्हणाले. "रेघ बघून त्यो वरनंच बोलंल. रेघंच्या आत असला तर भिईल, भाईर असला तर बिनघोर ऱ्हाईल. वाजवायचा न्हाई. मी केलं तेच करंल." मग म्हणाले, "आनि खरं सांगू? ती रेघ मी माज्यासाठी काढून घेतली हुती."

मी चाकू घेतला आणि खरवडली. रेघ गेली, काठावरचे सात ठिपकेही गेले. आठव्यावर चाकू गेला तेव्हा त्यांनी माझा हात धरला. "तेवढा ऱ्हाऊ द्या."

उस्ताद जाऊनही आता किती पावसाळे झाले. तिथे आभाळातून खरंच काही पडलं होतं का, हे मला आजही सांगता येत नाही. माळ सपाट आहे, त्यावर ज्वारी उभी असते, आणि तेवढं खोल कुणी अजून गेलेलं नाही. रेघ खरवडली हे बरोबर केलं की चूक, तेही मला ठरवता येत नाही. काही दिवस वाटतं, एका दुखावलेल्या माणसाच्या शब्दासाठी मी एवढी मोठी गोष्ट पुसली. काही दिवस वाटतं, तो शब्दच मोठा होता.

परवा कचेरीतला एक नवा कारकून तो नकाशा काखेत मारून घरी आला. भला पोरगा आहे, कामाला चोख. ठिपक्यावर बोट ठेवून म्हणाला, "ह्याला नंबर द्यायचा ऱ्हायलाय. हीर हाय का तिथं?"

"आहे," मी म्हणालो.

"पाणी?"

थाप तोंडाशी आली होती. ती गिळली आणि म्हणालो, "पाणी नाही. उस्तादांचा भाऊ आहे."

त्याने टाकाला शाई लावली होती, ती पुसली. मग चटईवर मांडी घालून बसला आणि म्हणाला, "कोन उस्ताद?"